मुक्कामाला आलेलं क्रियापद

गुरुवारच्या बाजारात, स्पिटलफील्ड्सला,
मासळीवाली प्रॅटबाई सुरी पुसत म्हणाली,
"नवऱ्यानं मला ड्रॅगून करून नेलं हो,
नाहीतर मी कशाला जाते
त्याच्या बहिणीच्या लेकाच्या बारशाला?"
भोवतालच्या बायका हसल्या. मीही हसले,
इंग्रजी कळतं हे दाखवायची संधी होती ती.

आजीनं हातातला बांगडा
जपून फळीवर परत ठेवला
आणि काही न घेताच घरी निघाली.

वाटेत बोलली नाही.
माडीवर, मागाशी बसल्यावर,
धोटा दोनदा जाऊन आल्यावर, आमच्या फ्रेंचमध्ये :
"त्यांचं क्रियापद झालं म्हणायचं?"

सहाजण होते, म्हणाली.
प्वातूत, सुगी आटोपल्यावर,
दारावर खडूनं आकडा घातला : सहा. घोडे वेगळे.
राजाला आमचा धर्म नको होता
आणि आमचं रक्तही अंगावर नको होतं.
एका ओळीखाली सही, एवढंच.
म्हणून त्यानं पाहुणे पाठवले.

आधी मांस संपलं, मग कोंबड्या.
मग खुर्च्या चुलीत गेल्या.
पाळणा ओला होता, पेटेना,
तर शिव्या खाल्ल्या पाळण्यानं.
आणि डोळा लागतोय असं दिसलं की ढोल,
उशाशी, पाळीपाळीनं.
ते झोपत, आम्ही नाही.
पाचव्या रात्री तुझ्या आजोबांना
भिंतीतून मासे पोहताना दिसू लागले.

"मारलं का?"
"नाही गं.
मारलं असतं तर सांगायला सोपं गेलं असतं."

एझेकिएलकाका रंगाच्या कढईपाशी होते.
त्यांना धर्मोपदेशक व्हायचं होतं, झाले रंगारी,
पण शब्दाचा तळ ढवळायची सवय गेली नाही.
म्हणाले, शिपायाआधी ती बंदूक होती,
आखूड, घोडेस्वाराच्या हाताला बेताची,
तोंडातून जाळ काढते म्हणून तिला ड्रॅगन म्हणत.
असं ऐकलंय; शपथ घालू नका.
बंदुकीवरून माणूस, माणसावरून त्याची करणी.
आणि ड्रॅगनच्याही खाली, ग्रीकांच्या विहिरीत,
एक जुना धातू आहे म्हणे :
बघणं.
टक लावून बघणं.

धोटा थांबला.

"हे मात्र खरं," आजी म्हणाली.
"सगळ्यांत धाकटा. मिसरूडही फुटलं नव्हतं.
त्यानं काही मोडलं नाही, ढोलाला हात लावला नाही.
बाकावर बसून नुसता बघत राहिला,
मी दौतीत टाक बुडवेपर्यंत.
डोळे लाल. त्याचीही झोप झाली नसावी."

म्हणजे आजीनं सही केली होती.
प्रार्थनेला पहिल्या रांगेत बसणाऱ्या आजीनं.
काका कढईत बघू लागले.
निळा रंग उकळत होता, त्याला काही विचारायचं नव्हतं.

"नावातलं शेवटचं अक्षर गाळलं मी," ती म्हणाली,
"उच्चारात येतच नाही ते.
कारकुनाच्या लक्षात आलं नाही.
देवाच्या आलं का, ठाऊक नाही."

आणि धोटा पुन्हा सुरू.

हे सगळं गुरुवारचं.

रविवारी आब्राम अंथरुणातून उठेना.
प्रार्थनेची वेळ झालेली, बूट सापडेनात,
आणि मी जिन्यातून ओरडले, इंग्रजीत :
"ऊठ, नाहीतर ड्रॅगून करून नेईन!"

किती अलगद आला तोंडात.
घोडा नाही, खडू नाही,
आपलीच खुर्ची असल्यासारखा
पाय पसरून बसला जिभेवर.

आब्राम हसत उठला.
दाराशी आजी टोपीची नाडी बांधत होती.
तिनं गाठ सोडली, परत बांधली,
परत सोडली.
माझ्याकडे बघितलं नाही.